वाचनाची पाळी आली की मारामारी : दिघीतल्या अभ्यासिकेतून

दिघीत आमची अभ्यासिका विहाराच्या हॉलमध्ये संध्याकाळी सहा ते आठ भरते. पंचवीस-तीस मुले येतात. बहुतेकांचे वडील भोसरी नाहीतर चाकणच्या कंपन्यांत कंत्राटावर आहेत, शिफ्ट सारखी बदलते. आया सोसायट्यांमध्ये घरकामाला जातात. गेल्या वर्षी सहावीतल्या एका मुलाबद्दल सगळीकडून एकच तक्रार यायची : मारामाऱ्या करतो, शिव्या देतो, त्याला शिकायचेच नाही. अभ्यासिकेतही तो तसाच वागायचा. एका संध्याकाळी आमच्यातल्याच एकाने त्याच्या पाठीत पट्टी मारली. पुढचे चार दिवस तो आला नाही.

शाळेत गोणपाटावर वेगळे बसावे लागलेल्या भीमरावाची गोष्ट आम्ही दर १४ एप्रिलला याच हॉलमध्ये सांगतो. त्याच हॉलमधून एक मूल मार खाऊन गेले. या लाजेतून आमचा पुढचा अभ्यास सुरू झाला.

तो परत आल्यावर आम्ही एक साधी वही केली. प्रत्येक भांडणाची नोंद तीन प्रश्नांत करायची : आधी काय चालले होते, त्याने नेमके काय केले, आणि त्यानंतर त्याला काय मिळाले किंवा त्याचे काय टळले. ‘उद्धट वागला’ असे लिहायचे नाही, ‘शेजाऱ्याची वही फेकली’ असे लिहायचे. दोन आठवड्यांत चित्र स्पष्ट झाले. बहुतेक भांडणे मोठ्याने वाचायची पाळी त्याच्यापर्यंत येण्याच्या जरा आधी होत होती. भांडण झाले की आम्ही त्याला बाहेर पाठवायचो आणि त्याचे वाचन टळायचे. म्हणजे ज्याला आम्ही शिक्षा समजत होतो, तीच त्याची सुटका होती. सहावीतल्या या मुलाला दुसरीचा उतारा सलग वाचता येत नव्हता. सगळ्यांसमोर ‘ढ’ ठरण्यापेक्षा ‘दादा’ ठरलेले बरे, हा त्याचा हिशेब होता, आणि त्याच्या बाजूने पाहिले तर तो चुकीचाही नव्हता.

वर्तनशास्त्रात याला वर्तनाचा हेतू शोधणे म्हणतात. मूल त्रास देते तेव्हा त्या वागण्यातून त्याचे काहीतरी काम होत असते. कोणाला लक्ष हवे असते, कोणाला अवघड काम टाळायचे असते, कोणाला एखादी वस्तू हवी असते, तर कोणाच्या शरीरालाच हालचालीची गरज असते. वरून सारख्या दिसणाऱ्या दोन भांडणांचे हेतू वेगळे असले तर उपायही वेगळे. शिक्षा मात्र सगळ्यांना एकच मिळते, म्हणून ती बहुतेकदा फसते.

या मुलासाठी आम्ही तीन गोष्टी बदलल्या. उद्या वाचायचा उतारा त्याला आदल्या दिवशी द्यायचा. वाचन सगळ्यांसमोर न घेता जोडीने घ्यायचे. आणि जड गेले तर वही उलटी ठेवायची, म्हणजे ताई किंवा दादा मुकाट्याने शेजारी येऊन बसतील. टाळण्याची गरज होतीच, फक्त मदत मागायची एक रीत त्याच्या हाती दिली. महिन्याभरात भांडणे बरीच कमी झाली. वाचन अजून रखडतच चालते. ते सुधारायला वर्ष लागेल, कदाचित जास्तच.

ही पद्धत आमची नाही. अमेरिकेत १९९७ मध्ये अपंग विद्यार्थ्यांच्या शिक्षणाच्या कायद्यात दुरुस्ती होऊन वर्तनासाठी सकारात्मक साहाय्याचा विचार करणे शाळांवर आले. पुढे ओरेगॉन विद्यापीठातल्या अभ्यासकांनी त्यातून संपूर्ण शाळेसाठी तीन थरांची रचना उभी केली. पहिला थर सगळ्या मुलांसाठी : मोजके नियम, ते गणितासारखे शिकवायचे, आणि मूल नीट वागते तेव्हा ते नेमक्या शब्दांत बोलून दाखवायचे. ‘शाब्बास’ पुरत नाही. ‘तू वाट पाहिलीस, मध्येच बोलला नाहीस’ असे सांगावे लागते. दुसरा थर थोड्या मुलांसाठी : सकाळी एका ठरलेल्या मोठ्या माणसाला भेटायचे, दिवसभर एक कार्ड जवळ ठेवायचे, जाताना पुन्हा भेटायचे. तिसरा थर अगदी मोजक्यांसाठी. त्यात वर सांगितलेली वही येते.

कार्डाचा अनुभवही सांगतो. सारखे लक्ष वेधून घेणाऱ्या एका मुलाला ते चांगले लागू पडले. एका अबोल, वारंवार दांडी मारणाऱ्या मुलीला आम्ही तेच कार्ड दिले, तर ती आणखी दांड्या मारू लागली. चौकशी केली तेव्हा कळले की आईच्या कामाच्या वेळा बदलल्यामुळे धाकट्या भावाला तीच सांभाळत होती. तिच्या वागण्यात दुरुस्त करण्यासारखे काही नव्हतेच. आता ती भावाला घेऊन येते आणि तो मागे चित्रे रंगवत बसतो.

आपल्या वाचकांसाठी सर्वांत महत्त्वाचा अभ्यास बिहारचा. नालंदा जिल्ह्यातल्या ७४ सरकारी माध्यमिक शाळांमध्ये, गोव्यात सुरू झालेल्या ‘संगत’ या संस्थेच्या पुढाकाराने ‘सेहर’ नावाचा कार्यक्रम झाला. त्याचे निष्कर्ष २०१८ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आले. प्रार्थनेच्या वेळी चर्चा, भित्तिपत्रक, मनातले लिहून टाकण्याची पेटी, मुलांचे गट आणि गरज असेल त्याला समुपदेशन असे त्याचे स्वरूप होते. काही शाळांत हे काम शिक्षकांकडे दिले, काहींत प्रशिक्षण दिलेल्या, पण मानसोपचारतज्ज्ञ नसलेल्या, वेगळ्या माणसाकडे. वेगळा माणूस होता तिथे शाळेचे वातावरण सुधारले, दादागिरी, हिंसा आणि मुलांमधले नैराश्य कमी झाले. शिक्षकांकडे काम होते तिथे असा फरक दिसला नाही. यात शिक्षकांचा दोष काढायचा नाही, त्यांच्यावरचे ओझे आपण पाहतोच. पण प्रशिक्षण घेतलेला साधा कार्यकर्ता हे काम करू शकतो, एवढे त्यातून नक्की दिसते.

एक इशाराही द्यायला हवा. अमेरिकेत कृष्णवर्णीय मुलांना शाळेतून निलंबित करण्याचे प्रमाण गोऱ्या मुलांच्या सुमारे तिप्पट राहिले आहे, आणि नुसती ही रचना आणल्याने ती दरी आपोआप मिटली नाही. आपल्याकडे कार्ला हॉफ आणि प्रियंका पांडे यांनी उत्तर प्रदेशातल्या मुलांना कोडी सोडवायला दिली होती. जात जाहीर केली नव्हती तोवर दलित आणि सवर्ण मुलांच्या कामगिरीत फरक नव्हता. सगळ्यांसमोर जात पुकारल्यावर दलित मुलांची कामगिरी घसरली. म्हणून ‘वर्तनसमस्या’ हा शब्द ऐकला की आधी विचारावे : वर्गाबाहेर कोण उभे असते, कोणत्या वस्तीतले? याचीही नोंद ठेवावी.

कायदा आपल्या बाजूने आहे. शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या कलम १७ नुसार शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ दोन्हींना बंदी आहे. तरीही राष्ट्रीय बालहक्क आयोगाने सात राज्यांत ६,६३२ मुलांना विचारले तेव्हा कोणतीही शिक्षा झाली नाही असे सांगणारी मुले फक्त ९ होती. कलम २१ नुसार शाळा व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश पालक हवेत आणि वंचित घटकांच्या पालकांना प्रमाणात जागा हव्यात. वस्तीतली किती आईवडील मंडळी महापालिका शाळेच्या या समितीवर आहेत ते तपासा. वह्यावाटपाचे फोटो आपल्याकडे भरपूर निघतात, समितीच्या बैठकीला मात्र कोणी जात नाही.

आणखी एक. वर्तनाकडे वळण्याआधी मुलाचे डोळे आणि कान तपासून घ्या. वाचन फारच मागे असेल तर अध्ययन अक्षमतेची तपासणी मागा. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा, २०१६ मध्ये तिचा समावेश आहे, आणि प्रमाणपत्र मिळाल्यास दहावीच्या परीक्षेत जादा वेळ, लेखनिक अशा सवलती मिळतात. आमच्या मुलाची तपासणी अजून व्हायची आहे. दोनदा तारीख ठरली, दोन्ही वेळा वडिलांना सुट्टी मिळाली नाही.

ज्याने पट्टी मारली होती तो आता वाचनाच्या जोड्या लावतो. मध्यंतरी त्याने हॉलमध्ये चूळपन्थकाची कथा सांगितली. चार महिन्यांत एक गाथा पाठ होईना म्हणून थोरल्या भावाने त्याला विहार सोडून जायला सांगितले. तथागतांनी त्याला गाथा घोकायला लावली नाही, हातात एक स्वच्छ कापड दिले आणि ते चोळत बसायला सांगितले. मळत जाणाऱ्या त्या कापडातूनच चूळपन्थकाला अनित्यता उमगली. कथा संपल्यावर आमचा मुलगा म्हणाला, “मग त्याला वाचता आलं का?” यावर कोणाकडेच उत्तर नव्हते. त्याने उद्याचा उतारा मागून घेतला आणि तो घरी गेला.