गृहकर्जाची खरी किंमत : मासिक हप्त्यामागचा दीर्घ हिशेब

स्वतःचे घर ही सर्वसामान्य कुटुंबाच्या आयुष्यातील सर्वांत मोठी खरेदी असते आणि अनेकांच्या बाबतीत ती कर्जाच्या आधारानेच पूर्ण होते. मुंबई-पुण्यातील सदनिका असो, नागपुरातील बैठे घर असो किंवा मध्य प्रदेशातील जबलपूर जिल्ह्यात मझौलीसारख्या तहसिलीच्या गावी स्वतःच्या जागेवर उभारलेले घर असो, कर्ज घेताना पहिला प्रश्न एकच विचारला जातो : हप्ता किती बसेल? महिन्याच्या मिळकतीत घरखर्च भागवणाऱ्या कुटुंबाने हा प्रश्न विचारणे स्वाभाविक आहे. मात्र हप्त्याच्या आकड्यावरून कर्ज झेपेल की नाही एवढेच कळते. ते किती महाग पडेल, हे व्याजदर आणि परतफेडीची मुदत या दोन गोष्टी ठरवतात. व्याजदराची चौकशी सगळेच करतात; मुदतीचा विचार मात्र क्वचितच होतो.

पंचवीस लाखांचे बावन्न लाख

हिशेबाच्या सोयीसाठी २५ लाख रुपयांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याजदर आणि २० वर्षांची मुदत गृहीत धरू. मासिक हप्ता २१,६९६ रुपये बसतो. असे २४० हप्ते भरल्यावर एकूण रक्कम सुमारे ५२ लाख ७ हजार रुपये होते. म्हणजे २५ लाखांच्या मुद्दलावर २७ लाख ७ हजार रुपये व्याज.

हेच कर्ज १५ वर्षांसाठी घेतले, तर हप्ता २४,६१८ रुपये होतो; परंतु एकूण परतफेड ४४ लाख ३१ हजारांवर थांबते. मुदत ३० वर्षांची केली, तर हप्ता १९,२२३ रुपयांपर्यंत उतरतो आणि एकूण परतफेड ६९ लाख २० हजारांवर जाते. वीसऐवजी तीस वर्षांची मुदत निवडणारा कर्जदार दरमहा सुमारे २,४७० रुपयांची सवलत मिळवतो आणि त्यासाठी १७ लाख १३ हजार रुपये अधिक मोजतो. व्याजदरात अर्ध्या टक्क्याचा फरक पडला, तर २० वर्षांच्या या कर्जावर सुमारे १ लाख ९१ हजार रुपयांचा फरक पडतो. अर्ध्या टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरठे झिजवणारा ग्राहक दहा वर्षांची वाढीव मुदत मात्र सहज स्वीकारतो.

मुद्दल इतके सावकाश का फिटते?

हप्त्याची रक्कम दरमहा सारखी असली, तरी तिची अंतर्गत विभागणी सतत बदलत असते. दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावरील व्याज आधी वसूल होते आणि शिल्लक राहिलेली रक्कम मुद्दलात जमा होते. वरील उदाहरणात पहिल्या हप्त्यातील १७,७०८ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते केवळ ३,९८८ रुपयांचे.

पाच वर्षांत कर्जदार १३ लाख रुपयांहून अधिक भरतो. तरीही त्याच्या नावावर २२ लाख ३ हजार रुपये बाकी असतात. दहा वर्षांनी, म्हणजे मुदतीच्या मध्यावर, साडेसतरा लाख रुपये बाकी असतात. निम्मे मुद्दल फिटण्यास जवळपास पावणेचौदा वर्षे लागतात. यात फसवणूक नाही. घटत्या शिलकीवरील व्याजाचे गणितच तसे आहे. मात्र सातव्या-आठव्या वर्षी घर विकण्याची वेळ आली आणि बँकेकडून बाकी रकमेचा दाखला हाती पडला, की अनेकांना धक्का बसतो तो यामुळेच.

व्याजदर वाढतो, हप्ता स्थिर राहतो

भारतातील बहुतांश गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना बदलत्या दराची नवी गृहकर्जे रेपो दरासारख्या बाह्य मानदंडाशी जोडणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले. त्यामुळे रेपो दरातील चढउतार कर्जदारापर्यंत लवकर पोहोचू लागला. मे २०२० मध्ये ४ टक्क्यांपर्यंत उतरलेला रेपो दर मे २०२२ पासून वाढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर पोहोचला. अवघ्या नऊ महिन्यांत अडीच टक्के वाढ झाली.

या वाढीचा परिणाम समजून घेण्यासाठी २५ लाखांचे कर्ज ७ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले आहे, असे मानू. हप्ता १९,३८२ रुपये. दोन वर्षांनी बाकी २३ लाख ७७ हजार रुपये असताना दर साडेनऊ टक्के झाला, तर एका महिन्याचे व्याजच १८,८१६ रुपये होते. हप्ता तोच ठेवला, तर मुद्दलात जेमतेम ५६६ रुपये जमा होतात आणि उरलेली १८ वर्षांची परतफेड ३७ वर्षांहून अधिक लांबते. त्या काळात कर्जदार सुमारे ८६ लाख ८३ हजार रुपये भरेल. हप्ता २३,००५ रुपयांपर्यंत वाढवून मूळ मुदत कायम ठेवली, तर हीच रक्कम ४९ लाख ६९ हजारांवर येते. प्रत्यक्षात कर्जदाराचे वय आणि कमाल मुदतीची मर्यादा यांमुळे बँका इतकी वाढ देत नाहीत. काही टप्प्यांनंतर हप्ता वाढवावाच लागतो. परंतु हप्ता बदलला नाही म्हणजे आपल्यावर परिणाम झाला नाही, हा समज किती महाग पडू शकतो, हे या आकड्यांवरून दिसते.

याच पार्श्वभूमीवर १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्हींचा मेळ घालायचा, ही निवड कर्जदाराला मिळाली पाहिजे, असे त्यात नमूद केले आहे. वाढीव मुदतीमुळे हप्ता व्याजालाही अपुरा पडून मुद्दल उलट वाढत जाऊ नये, अशीही अट आहे. आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर यांचे विवरण दर तिमाहीस उपलब्ध करून देणे आवश्यक आहे. २०२५ मध्ये रेपो दरात टप्प्याटप्प्याने कपात होऊन तो डिसेंबरमध्ये ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरल्यावर पूर्वीचाच हप्ता सुरू ठेवल्यास लांबलेली मुदत पुन्हा आखूड होते, हेही ध्यानात ठेवावे.

बाह्य मानदंडाचा हा नियम बँकांसाठी आहे. गृहवित्त कंपन्या आपला दर स्वतःच्या मूळ दराशी जोडतात. त्याचप्रमाणे २०१९ पूर्वीची अनेक कर्जे जुन्या पद्धतीच्या दरांवर चालू राहिली. अशा कर्जदारांनी नव्या दराकडे वळण्यासाठी किती शुल्क लागेल, याची चौकशी करून हिशेब मांडणे हिताचे ठरते.

दरात न दिसणारा खर्च

प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, तारणाच्या नोंदीचा खर्च आणि विमा हे सारे व्याजदराच्या बाहेर राहते. विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जातो, तेव्हा त्यावरही वर्षानुवर्षे व्याज लागते. ७५ हजार रुपयांचा असा विमा साडेआठ टक्के दराने २० वर्षांत १ लाख ५६ हजार रुपयांना पडतो. विमा उपयुक्त आहेच. पण त्याचे पैसे रोख भरावेत की कर्जात मिळवावेत, हा स्वतंत्र निर्णय आहे.

हा सर्व खर्च एका आकड्यात दिसावा, यासाठी अमेरिकेत १९६८ च्या कायद्याने कर्जाचा एकूण वार्षिक दर जाहीर करणे बंधनकारक झाले. भारतात १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जांसाठी मुख्य तथ्यांचे विवरणपत्र देणे आवश्यक आहे. त्यात शुल्कांसह वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक असते. दोन संस्थांच्या प्रस्तावांची तुलना करताना जाहिरातीतील दराऐवजी हा वार्षिक दर पाहावा.

बांधकाम सुरू असलेल्या घराच्या बाबतीत आणखी एक खर्च संभवतो. कर्जाची रक्कम टप्प्याटप्प्याने दिली जाते आणि ताबा मिळेपर्यंत अनेकदा केवळ व्याज भरावे लागते. २० लाख रुपये दिले गेले असतील, तर साडेआठ टक्क्यांनी दोन वर्षांत ३ लाख ४० हजार रुपये भरूनही मुद्दल एका रुपयानेही घटत नाही. घरभाडे सुरूच असते. प्रकल्प रखडल्यास महाराष्ट्रातील ग्राहकाला मे २०१७ पासून कार्यरत असलेल्या महारेराकडे विलंबाबद्दल व्याज मागता येते. परंतु बँकेचा हप्ता तोवर थांबत नाही.

लहान गावात कर्ज महाग का?

मझौली परिसरासारख्या ग्रामीण भागात घर अनेकदा वडिलोपार्जित जागेवर बांधले जाते. महाराष्ट्रात ज्याला गावठाण म्हणतात, त्याला मध्य प्रदेशात आबादी म्हणतात. अशा जागेवर पिढ्यान्‌पिढ्या वहिवाट असते. पण मालकी सिद्ध करणारा नोंदणीकृत दस्त सहसा नसतो. ठोस कागदाविना बँका तारण स्वीकारण्यास कचरतात आणि अपुऱ्या कागदांवर कर्ज देणाऱ्या संस्था जोखमीपोटी अधिक दर लावतात. उदाहरणादाखल, १० लाखांच्या कर्जाची २० वर्षांतील परतफेड साडेआठ टक्क्यांनी २० लाख ८३ हजार रुपये होते, तर १३ टक्क्यांनी २८ लाख १२ हजार रुपये. कागद नसल्याची किंमत ७ लाख २९ हजार रुपये!

२४ एप्रिल २०२० रोजी सुरू झालेल्या स्वामित्व योजनेचे महत्त्व येथे आहे. ड्रोनद्वारे मोजणी करून आबादीतील घरमालकांना मालमत्ता पत्रक देणे हा तिचा उद्देश आहे. ११ ऑक्टोबर २०२० रोजी वाटपाचा प्रारंभ झाला, तेव्हा सहा राज्यांतील ७६३ गावांमध्ये महाराष्ट्रातील १०० आणि मध्य प्रदेशातील ४४ गावे होती. कर्जासाठी अर्ज करण्यापूर्वी हे पत्रक आणि वारसांच्या नोंदी पूर्ण करून घेणे, हा व्याज वाचविण्याचाच एक मार्ग आहे.

शहरी हद्दीतील कुटुंबांसाठी सप्टेंबर २०२४ पासून पाच वर्षांकरिता पंतप्रधान आवास योजनेचा दुसरा टप्पा राबविला जात आहे. वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घराची किंमत ३५ लाखांपर्यंत आणि कर्ज २५ लाखांपर्यंत असल्यास, इतर अटींच्या अधीन राहून, कमाल १ लाख ८० हजार रुपयांचे व्याज अनुदान पाच वार्षिक हप्त्यांत मिळते. ते मुद्दलातून वजा झाल्यावर हप्ता कमी करायचा की मुदत, हाच प्रश्न पुन्हा समोर येतो.

दुसरी बाजू

एकूण परतफेडीचा आकडा पाहून कर्ज म्हणजे संकट, असा निष्कर्ष काढणेही योग्य नाही. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. महागाई दरसाल ५ टक्के धरली, तर २१,६९६ रुपयांच्या शेवटच्या हप्त्याची क्रयशक्ती आजच्या सुमारे ८,१८० रुपयांइतकीच राहते. शिवाय घरभाडे वाचते आणि निवाऱ्याचे स्थैर्य लाभते.

करसवलतीवर मात्र पूर्वीइतकी भिस्त ठेवता येत नाही. स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरील वर्षाला २ लाखांपर्यंतच्या व्याजाची वजावट जुन्या करपद्धतीतच मिळते. नव्या पद्धतीत ती नाही आणि २०२५-२६ पासून त्या पद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या नेहमीच्या उत्पन्नावर करच लागत नाही. ज्यांना कर भरावा लागत नाही, त्यांच्या हिशेबात या वजावटीला स्थान नाही.

कर्जदाराने काय करावे?

मुदतपूर्व परतफेड हे कर्जदाराच्या हातातील सर्वांत प्रभावी साधन आहे. जून २०१२ मध्ये रिझर्व्ह बँकेने बदलत्या दराच्या गृहकर्जांवरील मुदतपूर्व परतफेडीचा आकार बँकांना बंद करायला लावला. पहिल्या उदाहरणातील कर्जदाराने दर वर्षाअखेरीस एक जादा हप्ता भरला, तर कर्ज सव्वातीन वर्षे आधी संपते आणि सुमारे ५ लाख १५ हजार रुपये वाचतात. यात वेळेला महत्त्व आहे. पहिल्या वर्षाअखेरीस एक लाख रुपये जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर ३ लाख ६५ हजार रुपये व्याज वाचते. तेच एक लाख पंधराव्या वर्षाअखेरीस भरले, तर वाचतात केवळ ५० हजार. अर्थात, आजारपण वा नोकरी जाण्यासारख्या प्रसंगासाठी काही महिन्यांच्या खर्चाची तजवीज बाजूला ठेवूनच जादा रक्कम भरावी.

करारावर सही करण्यापूर्वी पुढील प्रश्नांची उत्तरे लेखी घ्यावीत : संपूर्ण मुदतीत एकूण किती रक्कम भरावी लागेल? सर्व शुल्कांसह वार्षिक दर किती? दर कोणत्या मानदंडाशी जोडला आहे आणि तो किती महिन्यांनी बदलतो? दर एक टक्क्याने वाढल्यास हप्ता किती होईल आणि मुदत किती वाढेल?

कर्ज सुरू झाल्यावर वर्षातून एकदा विवरण काढून उरलेल्या हप्त्यांची संख्या तपासावी. बारा महिन्यांत ती बाराने घटली नसेल, तर त्याच आठवड्यात शाखेत जाऊन मुदत पूर्ववत करण्याची लेखी मागणी करावी. कर्ज पूर्ण फिटल्यावर घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून, संस्थेच्या चुकीमुळे विलंब झाल्यास दर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई देण्याचा नियम लागू आहे.