पंप बंद पडल्यावर : पाणी भरलेल्या तळघराची सफाई

पुण्या-मुंबईच्या बहुतेक नव्या गृहसंकुलांत गाड्या लावायला तळघर असते आणि त्याच्या सर्वांत खोलगट भागात एक खड्डा असतो. रॅम्पवरून उतरणारे पावसाचे पाणी, भिंतींतून झिरपणारे पाणी, गाड्या धुतल्याचे पाणी, सगळे त्या खड्ड्यात जमते. तिथला सबमर्सिबल पंप ते उपसून बाहेरच्या पावसाळी गटारात सोडतो. पातळी चढली की फ्लोट उचलला जाऊन पंप सुरू होतो, उतरली की बंद होतो. तळघर जमिनीखाली असल्यामुळे हे पाणी आपसूक वाहून जायला दुसरी वाट नाही. पंप थांबला की पाणी साचणारच.

तो थांबतो नेमका मोठ्या पावसात. ज्या पावसाने पाणी येते त्याच पावसाने वीजही जाते, आणि जनरेटर असला तरी पुष्कळ ठिकाणी त्यावर लिफ्ट आणि जिन्यातले दिवे असतात, तळघरातला पंप नसतो. उन्हाळाभर न चाललेला पंप जाम होतो. फ्लोटची वायर पाइपला गुंडाळली जाते. प्लास्टिकच्या पिशव्या, गुटख्याच्या पुड्या, बांधकामाचा राडा पंपाच्या तोंडाशी अडकतो. एनआरव्ही, म्हणजे पाणी उलटे येऊ न देणारा व्हॉल्व्ह, निकामी असेल तर बाहेरचे गटार तुंबताच तिथले पाणी त्याच पाइपातून तळघरात परत येते. अशा वेळी आत शिरते ते निव्वळ पावसाचे पाणी राहत नाही, त्यात सांडपाणी मिसळलेले असते. पुढची सगळी सफाई हे गृहीत धरूनच करायला हवी.

पाण्याचा आकार डोळ्यांना फसवतो. १,००० चौरस मीटरच्या तळघरात एक फूट पाणी म्हणजे सुमारे ३ लाख लिटर, १० हजार लिटरचे तीस टँकर. मिनिटाला ५०० लिटर उपसणारा पंप लावला तरी दहा तास लागतात. त्यामुळे बादल्या घेऊन धावण्यात अर्थ नाही.

खाली उतरण्यापूर्वी वीज तोडायची. मीटर रूम, पंपाचे पॅनल, चार्जिंगचे पॉइंट बहुधा तळघरातच असतात. पाण्यात उभे राहून मेन स्विच पाडणे म्हणजे जीव धोक्यात घालणे. पुरवठा बाहेरून तोडून घ्यावा. त्यासाठी वीज कंपनीचा तक्रार क्रमांक १९१२ आहे. गल्लीत अंधार आहे म्हणून तारा मृत आहेत असे समजू नये. जनरेटर, इन्व्हर्टर किंवा गच्चीवरच्या सौर पॅनलमधून प्रवाह येऊ शकतो. २५ जुलै २०२४ च्या पहाटे पुण्यात डेक्कन परिसरात पाण्यातून हातगाडी हलवताना तिघांचा विजेच्या धक्क्याने मृत्यू झाला. दोनच दिवसांनी दिल्लीत जुन्या राजेंद्रनगरमध्ये एका शिकवणी वर्गाच्या तळघरात पाणी शिरून तीन विद्यार्थी बुडाले. पाणी चढत असताना गाडी काढायला तळघरात उतरणे या दोन्ही धोक्यांच्या मधोमध जाणे आहे. गाडी जाऊ द्यावी. लिफ्ट तर आधीच वरच्या मजल्यावर नेऊन बंद करावी, कारण तिचा खड्डा तळघराहूनही खोल असतो.

पाऊस ओसरला की डिझेलवर चालणारा भाड्याचा पंप येतो. तो मोकळ्यावर ठेवायचा आणि फक्त पाइप खाली सोडायचा. बंदिस्त तळघरात इंजिन चालवले तर कार्बन मोनॉक्साइड साचतो. त्याला ना वास, ना रंग, आणि माणूस बेशुद्ध पडेपर्यंत काही कळत नाही.

उपशाचा वेगही महत्त्वाचा आहे. एक मीटर खोलीवर पाणी चौरस मीटरला सुमारे एक टन दाब देते. बाहेरची माती पाण्याने तुडुंब असेल तर ती भिंतीला आत ढकलत असते आणि आतले पाणी तिला धरून ठेवत असते. ते एकदम काढून टाकले की भिंतीला तडे जाऊ शकतात, फरशी खालून उचलली जाऊ शकते. चांगल्या आरसीसी भिंतीला हा धोका कमी, जुन्या वाड्याच्या दगड-विटांच्या तळघराला जास्त. पाणी घोट्याएवढे असेल तर सरळ उपसावे. कमरेएवढे किंवा त्याहून अधिक असेल तर दोनेक फूट काढून थांबावे, भिंतीवर खडूने खूण करावी आणि रात्र जाऊ द्यावी. सकाळी पातळी पुन्हा चढलेली दिसली तर जमिनीतले पाणी अजून उतरलेले नाही, घाई करू नये.

पाणी गेले की बहुतेक सोसायट्यांना काम संपल्यासारखे वाटते. खरे तर आजाराचा धोका खाली राहिलेल्या गाळात असतो. उंदीर, कुत्री, गुरे यांच्या मूत्रातून लेप्टोस्पायरोसिसचे जंतू त्यात येतात आणि पायाच्या साध्या चिरेतून शरीरात शिरतात. म्हणून गमबूट आणि रबरी हातमोज्यांशिवाय कोणालाही गाळात उतरवू नये, सफाई कामगारांना तर अजिबात नाही. हे साहित्य त्यांना देणे सोसायटीचे काम आहे. चिखलात चाललेल्यांनी ७२ तासांच्या आत डॉक्टरांना भेटून प्रतिबंधक औषध घ्यावे. मुंबई महापालिका दर पावसाळ्यात हेच सांगते. प्रौढांना बहुधा डॉक्सिसायक्लिन देतात, गरोदर स्त्रिया आणि लहान मुलांसाठी औषध वेगळे असते. नंतरच्या दोन-तीन आठवड्यांत ताप, पोटऱ्यांत तीव्र दुखणे, डोळे लाल होणे असे काही झाले तर गाळात उतरल्याचे डॉक्टरांना आवर्जून सांगावे. अडगळ हलवताना काठी वापरावी. पाण्याबरोबर साप येतात आणि कोरड्या कोपऱ्यात बसून राहतात. दिसल्यास सर्पमित्राला बोलवावे.

गाळ ओला असतानाच फावडे, घमेले आणि वायपरने काढावा, सुकला की तो फरशीला चिकटतो. तो पावसाळी गटारात ढकलला तर तेच गटार पुढच्या पावसात तुंबेल. गोण्यांत भरून महापालिकेच्या गाडीत द्यावा. मग साबणाच्या पाण्याने घासावे, त्यानंतर ब्लीचिंग पावडरच्या पाण्याने. क्रम उलटा करू नये, कारण चिखलावर टाकलेले क्लोरीन चिखलातच संपते. ब्लीचमध्ये टॉयलेट साफ करायचे अ‍ॅसिड कधीही मिसळू नये. त्यातून विषारी क्लोरीन वायू सुटतो आणि तळघरात त्याला बाहेर जायला जागा नसते.

सगळ्यांत जास्त काळजी भूमिगत टाकीची घ्यावी. पुष्कळ इमारतींत पिण्याच्या पाण्याची टाकी तळघरालाच लागून असते आणि तिचे झाकण फरशीच्या पातळीला. तळघर बुडाले की गाळाचे पाणी टाकीत गेले असे धरूनच चालावे. वरच्या टाकीत चढवणारा पंप लगेच बंद करावा, रहिवाशांना कळवावे. टाकी रिकामी करून घासावी, मात्र भोवतीची जमीन पाण्याने भरलेली असताना नाही, कारण रिकामी टाकी खालच्या दाबाने उचलली जाऊ शकते. घासून झाल्यावर ती भरून दर हजार लिटरला सुमारे १५० ग्रॅम ताजी ब्लीचिंग पावडर टाकावी. पावडरमध्ये एक तृतीयांश क्लोरीन धरले तर लिटरमागे ५० मिलिग्रॅम मात्रा होते. रात्रभर ठेवून ते पाणी सोडून द्यावे, मगच पिण्याचे पाणी घ्यावे. वरच्या टाकीत गढूळ पाणी चढले असेल तर तिलाही हेच करावे लागते.

बुडालेल्या गाड्यांना हात लावण्याआधी नंबरप्लेट आणि पाण्याची खूण दिसेल असे फोटो काढावेत. विम्याच्या दाव्यात ते उपयोगी पडतात. चावी फिरवून पाहण्याचा मोह टाळावा. पाणी दाबले जात नाही, त्यामुळे सिलिंडरमध्ये पाणी असताना इंजिन फिरवले की कनेक्टिंग रॉड वाकतो, आणि साध्या विम्यात हे नुकसान बहुधा भरून मिळत नाही. बुडालेली इलेक्ट्रिक स्कूटर चार्जिंगला लावू नये. भिजलेली लिथियम बॅटरी काही दिवसांनीही पेट घेऊ शकते, म्हणून जाणकाराकडून गाडी बाहेर काढून इमारतीपासून दूर उघड्यावर ठेवावी.

तळघर सुकवणे आपल्या पावसाळ्यात सर्वांत चिवट काम आहे. ओलीवर बुरशी एक-दोन दिवसांत धरते, आणि बाहेरची हवाच दमट असल्याने नुसती दारे उघडून भागत नाही. मोठे पंखे, एक्झॉस्ट आणि जमल्यास हवेतली ओल ओढणारे यंत्र काही दिवस चालवावे. भिजलेल्या गाद्या, पुठ्ठे, प्लायवूड वाचवत बसू नये. भिंत पूर्ण सुकण्याआधी रंग दिला तर तो फुगतो आणि खालून लोणा उमटतो. पॅनल, लिफ्ट आणि आग विझवण्याचे पंप परवानाधारक इलेक्ट्रिशियनकडून तपासून घेतल्याशिवाय वीज सुरू करू नये.

शेवटी मूळ पंपाकडे वळावे. खड्डा उपसून गाळ काढावा, तोंडावर जाळी बसवावी, एनआरव्ही बदलावा, राखीव पंप नसेल तर घ्यावा आणि दोन्ही जनरेटरवर जोडावेत. फ्लोट उचलून पंपाचा नुसता आवाज ऐकणे ही तपासणी पुरेशी नाही. मे महिन्याच्या अखेरीस प्रत्येक सोसायटीने खड्ड्यात नळीने पाणी सोडून, मेन स्विच पाडून, पंप जनरेटरवर सुरू होतो का आणि पाणी खरोखर बाहेरच्या गटारात पडते का, हे स्वतः उभे राहून पाहावे.