पस्तीस हे उत्तर आलं कुठून?

तिसरीतलं मूल ५२ वजा २७ मांडतं आणि उत्तर लिहितं ३५. तुमसर असो की लाखांदूर, भंडारा जिल्ह्यातल्या प्राथमिक शिक्षकांना हे उत्तर नवं नाही. ‘वजाबाकी कच्ची’ असा शेरा मारून पुढे जाता येतं. पण याच उत्तरावर कृती संशोधन करायचं ठरवलं, तर सैद्धांतिक चौकट नेमकं कोणतं काम करते ते स्पष्ट दिसतं. डी.एल.एड. आणि बी.एड.च्या अनेक अहवालांत पियाजे, वायगॉट्स्की यांच्यावर चार पानं असतात आणि पुढच्या प्रकरणांत त्यांचा मागमूसही नसतो. चौकट तिथे शोभेपुरती उरते.

आधी वर्तनवाद घेऊ. शिकणं म्हणजे सरावाने आणि लगेच मिळणाऱ्या प्रतिसादाने पक्कं होणारं वर्तन, असं तो मानतो. मग संशोधनाचा प्रश्न होतो: रोज ठरावीक उदाहरणं सोडवून घेऊन लगेच तपासली, तर अचूकता वाढते का? साधन म्हणजे पूर्वचाचणी आणि उत्तरचाचणी, नोंद फक्त गुणांची. पाढ्यांसाठी ही चौकट उपयोगाची आहे. आपल्या उदाहरणात मात्र ३५ ला शून्य गुण मिळतो आणि विषय तिथेच संपतो.

रचनावाद वेगळं मानतो. मूल स्वतःच्या समजुतीतून नियम बांधतं, म्हणून चुकीच्या उत्तरामागेही नियम असू शकतो. अमेरिकेत ब्राउन आणि बर्टन यांनी १९७८ साली मुलांच्या वजाबाकीतले असे चुकीचे पण पक्के नियम उलगडून दाखवले. आपल्या ३५ मागे निदान दोन नियम संभवतात. एक, प्रत्येक स्थानी मोठ्या अंकातून लहान वजा करायचा: ७ तून २ गेले ५, ५ तून २ गेले ३. दुसरा, मुलाने दशक सुटा करून १२ तून ७ बरोबर वजा केले, पण एक दशक कमी झाला हे विसरून ५ तूनच २ वजा केले. दोन्ही वाटांनी उत्तर ३५ येतं. केवळ उत्तर पाहून ही दोन मुलं वेगळी ओळखता येत नाहीत.

म्हणून पुढचं उदाहरण विचारपूर्वक निवडायचं. ७१ वजा ४८ द्या. पहिल्या नियमाचं मूल ३७ लिहील, दुसऱ्याचं ३३. आणि ८६ वजा ३२ दोघांचंही बरोबर येईल. हे अंदाज मुलांना उदाहरणं देण्यापूर्वी वहीत लिहून ठेवायचे. चौकटीचा खरा कस इथे लागतो. नंतर ‘कसं काढलंस?’ असं प्रत्येकाला विचारून त्याचं बोलणं जसंच्या तसं टिपायचं. उपायही एक राहत नाही. पहिल्या मुलाला ५२ ही एक अख्खी संख्या म्हणून दिसायला हवी, म्हणजे काड्यांचे पाच गठ्ठे आणि दोन सुट्या काड्या यांतून २७ काढून पाहायला हवं. दुसऱ्याला गठ्ठा सोडता येतो. उरलेल्या गठ्ठ्यांची नोंद करायची सवय लागायला हवी.

इथे भाषेचा प्रश्न येतो, आणि तो मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो. मुलाचा विचार ऐकायचा असेल तर तो त्याच्या बोलीत ऐकावा लागेल. भंडाऱ्यात अनेक घरांत झाडीबोली आहे; डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी आयुष्यभर तिचा अभ्यास केला. ‘पानी’ म्हणणाऱ्या मुलाला मध्येच थांबवून ‘पाणी’ म्हणायला लावलं, तर ते गप्प होतं आणि वहीत नोंद पडते ‘स्पष्टीकरण देता आले नाही’. ही नोंद शिक्षकाच्या अटीची झाली, मुलाच्या गणिताची नव्हे.

तिसरी चौकट सामाजिक-सांस्कृतिक. शिकणं ज्या व्यवहारात आणि ज्यांच्या सोबतीने होतं, त्यापासून ते सुटं काढता येत नाही, असं ती मानते. ब्राझीलमधल्या रेसिफे शहरात रस्त्यावर माल विकणाऱ्या पाच मुलांचा अभ्यास १९८५ साली प्रसिद्ध झाला. विक्री करताना ही मुलं जवळपास सगळे हिशेब बरोबर करत; तेच हिशेब कागदावर मांडून दिल्यावर पुष्कळदा चुकत. मामा (माजी मालगुजारी) तलावातले मासे आठवडी बाजारात विकणाऱ्या घरातल्या मुलाला ५२ रुपयांतून २७ गेले तर किती उरले, हे तोंडी विचारून पाहा. तोंडी २५ आणि कागदावर ३५ असं निघालं, तर संशोधनाचा प्रश्नच बदलतो: त्या तोंडी हिशेबापासून कागदावरच्या मांडणीपर्यंत मूल कसं पोचेल? वायगॉट्स्कीचा आधार घेतला तर आणखी एक रकाना लागतो, किती मदतीनंतर जमलं याचा: नुसती सूचना पुरली, काड्या द्याव्या लागल्या, की सोबत करून दाखवावं लागलं.

राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखडा २००५ ने रचनावादाचा पुरस्कार केला. साताऱ्यातल्या कुमठे बीटमधल्या (शाळांच्या गटातल्या) रचनावादी कामाची चर्चा झाली आणि २०१५ नंतर ‘प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र’च्या काळात राज्यभर वर्गांच्या फरशा रंगल्या. त्या फरशीवर बसून मुलं एका सुरात उत्तरं म्हणत असतील, तर वर्गात अजून वर्तनवादच चालला आहे.

अहवाल लिहितानाही हाच धागा धरायचा. चौकट रचनावादाची आणि कोष्टक फक्त गुणांचं असेल, तर निष्कर्षात ‘आकलन वाढले’ असं लिहिता येत नाही. ‘गुण वाढले’ एवढंच लिहायचं. आकलनाबद्दल बोलायचं तर कोणत्या मुलाने कोणता नियम सोडला, कोणाचा तसाच राहिला, हे त्यांच्या उदाहरणांसह दाखवायचं. आणि ७१ वजा ४८ ला कोणी ३७ ही नाही, ३३ ही नाही, भलतंच उत्तर दिलं, तर ते मूल अहवालातून वगळायचं नाही. त्याची मुलाखत सगळ्यांत आधी घ्यायची.