सावत्र नाते आणि रुपेरी पडदा

हिंदी चित्रपटांतील सावत्र आई एके काळी बहुधा छळण्यासाठीच घरात येई. २०१० च्या ‘वुई आर फॅमिली’त ती प्रेमळ झाली खरी, परंतु त्या सुखवस्तू कुटुंबाला जागेची वा पैशाची विवंचनाच नाही. १९७८ च्या ‘खट्टा मीठा’त बासू चटर्जींनी चार मुलांचा विधुर आणि तीन मुलांची विधवा यांचा एक संसार थाटला, तेव्हा कलहाचे मूळ सापत्नभावाइतकेच अपुऱ्या जागेतही होते. मध्यमवर्गाला हेच चित्र अधिक ओळखीचे.

वारसाहक्काकडे मात्र असे चित्रपट सहसा वळत नाहीत. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानुसार, मृत्युपत्र न करता निवर्तलेल्या सावत्र पित्याच्या मिळकतीत सावत्र मुलाला पुत्र म्हणून वाटा मिळत नाही. मग अखेरच्या प्रसंगात त्या पित्याने त्याला कितीही घट्ट उराशी धरलेले असो.