रेव्हरंड जेम्स लॉसन : आंदोलनापूर्वीचे शिक्षण

अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचा नागरी हक्क लढा म्हटला की डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांचे नाव आठवते. परंतु त्या लढ्यातील तरुणांना शिस्त शिकविणारे धर्मोपदेशक रेव्हरंड जेम्स लॉसन (१९२८–२०२४) हे आपल्या नागपुरात राहून गेले, हे पुष्कळांना ठाऊक नसते.

कोरियन युद्धाच्या काळात सक्तीची लष्करभरती नाकारल्याबद्दल लॉसन यांनी तुरुंगवास भोगला. सुटकेनंतर १९५३ मध्ये मेथडिस्ट मिशनतर्फे ते नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात आले. तेथे विद्यार्थ्यांना खेळ शिकवीत असतानाच त्यांनी गांधीजींच्या सत्याग्रहाचा अभ्यास केला. १९५६ मध्ये ते मायदेशी परतले. पुढच्याच वर्षी डॉ. किंग यांची भेट झाली. "दक्षिणेत तुमची आत्ताच गरज आहे," असा डॉ. किंग यांचा आग्रह होता. त्यानुसार लॉसन नॅशव्हिलला गेले.

तेथील दुकानांत कृष्णवर्णीयांचे पैसे चालत, परंतु त्याच दुकानातील खाण्याच्या काउंटरवर त्यांना बसू देत नसत. लॉसन यांनी लगेच मोर्चा काढला नाही. त्यांनी आधी कार्यशाळा घेतल्या. काही विद्यार्थी हल्लेखोर होत. ते शिव्या देत, ढकलत, तोंडावर सिगारेटचा धूर सोडत. बाकीच्यांनी हात न उगारता बसून राहायचे आणि डोके कसे वाचवायचे ते शिकायचे. डायन नॅश, जॉन लुईस हे पुढे गाजलेले कार्यकर्ते याच वर्गातले.

१३ फेब्रुवारी १९६० रोजी बैठा सत्याग्रह सुरू झाला. २७ तारखेला विद्यार्थ्यांना मारहाण झाली आणि अटकही त्यांनाच झाली. एक तुकडी तुरुंगात गेली की दुसरी जागा घेई. जोडीला दुकानांवर बहिष्कार पडला, तेव्हा मालकांनाही तोटा जाणवू लागला. व्हँडरबिल्ट विद्यापीठाने लॉसन यांना काढून टाकले. परंतु १० मे रोजी काउंटर सर्वांसाठी खुले झाले. त्याच विद्यापीठाने २००६ मध्ये त्यांना अध्यापनासाठी सन्मानाने बोलाविले.

१९६८ मध्ये मेम्फिसच्या सफाई कामगारांच्या संपातही लॉसन पुढे होते. त्यांच्याच निमंत्रणावरून तेथे आलेल्या डॉ. किंग यांची ४ एप्रिलला हत्या झाली. तरीही संप मोडला नाही आणि १६ एप्रिलला कामगारांच्या युनियनला मान्यता मिळाली.

विद्यार्थी मित्रांनो, घोषणा देणे एका दिवसात जमते. अपमान सोसूनही आपल्या जागेवरून न उठण्याची ताकद मात्र रोजच्या सरावाने कमवावी लागते. लॉसन यांच्या जीवनातून घेण्यासारखा बोध हाच आहे.