सेन्दाईतली जळालेली तार

भाकरी टाकण्याआधी तवा तापला का, हे पाहायला आपल्याकडे त्यावर पाण्याचा हबका मारतात. तवा बेताचा तापला असेल तर चर्र असा आवाज होऊन पाणी क्षणात उडून जातं. पण चुलीवर विसरून राहिलेल्या, सणसणीत तापलेल्या तव्यावर तोच हबका मारला की वेगळंच घडतं. चर्र आवाज येत नाही. पाण्याचे मोत्यांसारखे गोल थेंब होतात आणि ते तव्यावर इकडून तिकडे पळत सुटतात. तवा जास्त तापलेला, तरी पाणी जास्त वेळ टिकतं. रोज स्वयंपाक करणाऱ्याला हे नवीन नाही. मात्र या नाचणाऱ्या थेंबांमागचं गणित हाती यायला एका जपानी प्राध्यापकाची तार जळावी लागली.

हे थेंब शास्त्राच्या वहीत प्रथम नीट नोंदवले गेले ते १७५६ साली. जर्मनीतल्या डुइसबुर्ग इथे वैद्यक शिकवणाऱ्या योहान गोटलोब लायडेनफ्रॉस्ट यांनी लालभडक लोखंडी चमच्यात पाण्याचा एक थेंब सोडला. तो तीस सेकंदांहून अधिक काळ टिकला. चमचा जसजसा निवत गेला तसतसे पुढचे थेंब लवकर संपू लागले. कारण आज आपल्याला माहीत आहे. अतितप्त धातूला पाणी टेकण्याआधीच त्याच्या तळाची वाफ होते आणि थेंब त्या वाफेच्या पातळ गादीवर तरंगतो. वाफ उष्णतेची वाईट वाहक, त्यामुळे धातूची उष्णता पाण्यापर्यंत फार सावकाश पोचते.

आता याच प्रश्नाकडे अभियंत्याच्या नजरेनं पाहू. पाणी तापवायचा इमर्शन रॉड बादलीत बुडवल्याशिवाय चालू करू नये, हे घराघरांत सांगितलेलं असतं. रॉड तोच, वीज तीच. पाण्यात तो मुकाट काम करतो आणि हवेत लाल होऊन जळतो. फरक उष्णता वाहून नेणाऱ्याच्या ताकदीचा आहे. पृष्ठभाग भोवतालापेक्षा एक अंशाने अधिक तापलेला असताना त्याच्या एका चौरस मीटरवरून दर सेकंदाला किती उष्णता निघून जाते, हे सांगणारा आकडा म्हणजे उष्णता-संक्रमण गुणांक. संथ हवेसाठी तो साधारण २ ते २५ वॉट इतका असतो. उकळत्या पाण्यासाठी तो हजारांत, कधी दहा हजारांच्याही पुढे जातो.

घनता किंवा वितळणबिंदू जसा पदार्थाला चिकटलेला असतो तसा हा गुणांक चिकटलेला नसतो. वारा वाढला, पाणी ढवळलं, पृष्ठभाग खरखरीत झाला, बुडबुडे उठू लागले, की तो बदलतो. म्हणून तो कोष्टकातून उचलून भागत नाही, मोजावा लागतो. मोजायला तीन गोष्टी लागतात: दर सेकंदाला किती उष्णता निघाली, किती पृष्ठभागावरून निघाली आणि तापमानांत किती अंतर होतं. पहिलीला दुसरीने आणि तिसरीने भागलं की गुणांक मिळाला. सांगायला सोपं, करायला महाकठीण. धातूच्या नेमक्या पृष्ठभागाचं तापमान मोजायला तिथे तापमापक टेकवावा, तर तो टेकवल्यानेच भोवतालचा प्रवाह बिघडतो.

या हिशेबाची पहिली पायरी न्यूटनची. १७०१ साली लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात त्याने स्वतःचं नाव न घालता एक छोटा लॅटिन निबंध छापला. तापलेलं लोखंड निवायला ठेवताना त्याने ते स्थिर हवेत ठेवलं नाही, एकसारख्या वाहत्या वाऱ्यात ठेवलं. तापलेली हवा सतत दूर जावी आणि तिच्या जागी थंड हवा येत राहावी, हा त्यामागचा विचार होता. तापमानांतलं अंतर दुप्पट तर निघणारी उष्णता दुप्पट, हे त्याचं गृहीत. पुढे १८२२ च्या आपल्या ग्रंथात गणितज्ञ फूरिएने धातूच्या पोटातून होणारं वहन आणि त्याच्या पृष्ठभागावरून होणारी देवघेव ही दोन वेगळी प्रकरणं आहेत हे स्पष्ट केलं. अंतर आणि उष्णता यांची सरळ रेषा मात्र अभियंत्यांच्या मनात पक्की बसली. धातू अधिक तापवा, उष्णता अधिक निघेल.

बॉयलरच्या युगात या रेषेवर फार काही अवलंबून होतं. धातू अधिकाधिक तापवत गेलं तर पाण्याला मिळणारी उष्णता वाढतच जाईल का? की तिला कुठे कमाल मर्यादा आहे? लायडेनफ्रॉस्टचा थेंब सांगत होता की फार तापलेल्या धातूपाशी पाणी उष्णता घेईनासं होतं. मग मध्ये कुठेतरी शिखर असलंच पाहिजे. पण कुठे, आणि किती उंच?

ईशान्य जपानमधल्या सेन्दाई शहरात, तोहोकू इम्पीरियल विद्यापीठात, शिरो नुकियामा यांनी हा प्रश्न हाती घेतला. शिखरापर्यंत पोचायला खरा बॉयलर घेतला असता तर कारखान्याएवढी भट्टी लागली असती आणि स्फोटाचं भय वेगळंच. नुकियामांनी भट्टीच्या जागी निक्रोम या मिश्रधातूची एक बारीक तार घेतली. ती १०० अंशांच्या पाण्यात आडवी ताणली आणि तिच्यातून वीज सोडली.

या साधेपणातच सगळी हुशारी होती. व्होल्टेज आणि विद्युतप्रवाह यांचा गुणाकार केला की तारेतून निघणारी उष्णता कळते. तारेची लांबी आणि जाडी ठाऊक असल्याने पृष्ठभागही कळतो. राहिलं तापमान. धातू तापला की त्याचा विद्युतरोध बदलतो, तेव्हा रोध मोजला की तापमान मिळालं. वेगळा तापमापक नकोच. तीच तार शेगडी आणि तीच तापमापक. शिवाय तार बारीक असल्याने थोडक्या विजेत प्रचंड तीव्रता साधते. ०.१४ मिलिमीटर व्यासाची १० सेंटीमीटर तार घेतली तर तिचा पृष्ठभाग अर्धा चौरस सेंटीमीटरही भरत नाही. तिच्यात ५५ वॉट सोडले, म्हणजे एका साध्या दिव्याइतकी वीज, की दर चौरस मीटरला साडेबारा लाख वॉट एवढा उष्णतेचा लोंढा तयार होतो.

वीज हळूहळू वाढवली की आधी तारेभोवतीचं पाणी नुसतं वर सरकतं. तार पाण्यापेक्षा पाचेक अंशांनी तापली की तिच्यावर बुडबुडे धरू लागतात. प्रत्येक बुडबुडा सुटताना उष्णता घेऊन जातो आणि त्याच्या जागी थंड पाणी धावतं. इथून पुढे गुणांक झपाट्याने चढतो. वीज कितीही वाढवा, तारेचं तापमान जेमतेम काही अंशांनी सरकतं. न्यूटनची सरळ रेषा केव्हाच मागे पडलेली असते.

आणि मग निक्रोमची तार जळाली.

वीज किंचितच वाढवली होती. तरीही तारेचं तापमान एका झेपेत शेकडो अंशांनी उसळलं आणि सुमारे १४०० अंशांना वितळणारी ती तार पाण्यात बुडालेली असतानाच तुटली. भोवती पाणीच पाणी, आणि त्यात धातू वितळतो!

घडलं होतं ते असं. उष्णतेचा लोंढा एका हद्दीपलीकडे गेला की बुडबुड्यांची इतकी गर्दी होते की नव्या पाण्याला तारेपर्यंत वाटच मिळत नाही. बुडबुडे एकमेकांत मिसळून तारेला वाफेचं वेष्टन घालतात. गुणांक कोसळतो. पण वीज तेवढीच उष्णता ओतत असते. बाहेर पडायची वाट बंद, आतून आवक चालू, अशा कोंडीत तार तापत जाते आणि एवढ्या उष्णतेला त्या वेष्टनातून बाहेर पडता येईल असं तापमान येईपर्यंत थांबत नाही. निक्रोमसाठी ते तापमान वितळणबिंदूच्या पलीकडे होतं.

शिखर सापडलं होतं. त्याच्या पलीकडे काय आहे ते पाहायचं तर झेप सोसणारी तार हवी होती. नुकियामांनी प्लॅटिनम घेतलं. त्याचा वितळणबिंदू १७६८ अंश. या वेळी झेप आली तरी तार तगली. आता ती पाण्याखाली लालभडक होऊन, वाफेची कांबळ पांघरून राहिली होती. तव्यावरच्या थेंबाची आणि तिची गत एकच.

मग त्यांनी वीज कमी करायला घेतली. तार आल्या वाटेने परतली नाही. शिखराच्या बरंच खाली उतरेपर्यंत वाफेचं वेष्टन तसंच राहिलं. एका किमान बिंदूला ते अचानक फाटलं, पाणी तारेवर तुटून पडलं आणि तापमान धाडकन खाली आलं. म्हणजे चढताना एक उडी आणि उतरताना दुसरी. कोयत्याला पाणी पाजणाऱ्या लोहाराला ही दुसरी उडी ओळखीची वाटेल. लाल पातं पाण्यात घातलं की आधी ते वाफेच्या आवरणात क्षणभर शांत असतं आणि मग पाणी एकदम खवळतं.

१९३४ साली जपानच्या यंत्र-अभियंत्यांच्या संस्थेच्या नियतकालिकात नुकियामांनी निबंध छापला. वातावरणाच्या दाबाखाली, तार पाण्यापेक्षा २० ते ४० अंशांनी अधिक तापलेली असताना उष्णतेचं शिखर येतं, असं त्यांनी दाखवलं. आकडा होता दर चौरस मीटरला तासाला १०,८०,००० ते १८,००,००० किलोकॅलरी. तासाला दोन हजार किलोहून अधिक पाण्याची वाफ करायला ही उष्णता पुरेशी आहे. तोवर मानल्या गेलेल्या कमाल आकड्याहून हा बराच मोठा होता.

मला या निबंधात सर्वांत मोलाची वाटते ती न मोजलेली गोष्ट. दोन उड्यांच्या मध्ये, तापमान आणि उष्णता यांच्या आलेखाचा एक तुकडा रिकामा राहिला होता. नुकियामांनी तो निसर्गातली पोकळी मानला नाही. त्यांचं म्हणणं असं की दोष मोजण्याच्या रीतीत आहे. विजेने आपण उष्णता ठरवतो आणि तापमान आपलं आपण ठरतं. उलट तापमान आपल्या मुठीत ठेवता आलं तर मधला उतारही दिसेल, तापमान वाढत असताना उष्णता घटत जाणारा. तीनच वर्षांनी, १९३७ मध्ये, अमेरिकेत ड्रू आणि म्यूलर या संशोधकांनी नळीच्या आत वाफ सोडून तिचा दाब बदलत नळीचं तापमान हवं तिथे धरलं आणि बाहेर सहज उकळणारं सेंद्रिय द्रव ठेवलं. रिकामा तुकडा भरला. नुकियामांचा तर्क खरा ठरला.

शिखराचा हा हिशेब महाराष्ट्राच्या किनाऱ्यावरही लागू आहे. १९६९ साली सुरू झालेल्या तारापूरच्या पहिल्या दोन अणुभट्ट्या उकळत्या पाण्याच्या जातीच्या आहेत. त्यांच्या गाभ्यातच, युरेनियमचं इंधन भरलेल्या नळ्यांवर पाणी उकळतं. तिथे दाब वातावरणाच्या कितीतरी पट असतो आणि पाणी वाहतं असतं, म्हणून शिखराचा आकडा वेगळा येतो. अशा भट्ट्यांसाठी तो विजेने तापवलेल्या नकली इंधन-जुडग्यांवर मुद्दाम मोजावा लागतो. पण गाठ तीच आहे. इंधननळीतली उष्णता अणुविखंडन ठरवतं आणि नळीचं तापमान आपलं आपण ठरतं, नुकियामांच्या तारेसारखंच. शिखर ओलांडलं तर पाण्यात बुडालेली नळीही जळेल. म्हणून अशी भट्टी नेहमी शिखराच्या बरीच खाली चालवतात.

नुकियामांचा निबंध १९६६ मध्ये इंग्रजीत आला. उष्णता-संक्रमणाच्या पाठ्यपुस्तकांत आज त्यांचा वक्र छापलेला असतो. आपल्या अभियांत्रिकीच्या मुलांनी तो केवळ परीक्षेपुरता पाठ करू नये. प्रयोगशाळेत तार जळाली, आलेख मध्येच तुटला, तर नमुना फेकून देण्याआधी शेवटचा आकडा वहीत लिहून ठेवा आणि तो तुकडा का तुटला हे स्वतःला विचारा. १९३४ साली सेन्दाईत याच एका प्रश्नातून उत्तर मिळालं.