व्हॅली ऑफ फ्लॉवर्स: सकाळी सात ते संध्याकाळी पाच

उत्तराखंडच्या चमोली जिल्ह्यातल्या व्हॅली ऑफ फ्लॉवर्स राष्ट्रीय उद्यानात रात्री कुणालाच राहू देत नाहीत. आत विश्रामगृह नाही, तंबू ठोकायला परवानगी नाही, चहाची टपरीसुद्धा नाही. वन खात्याची चौकी सकाळी सातला उघडते, दुपारनंतर नव्याने कुणाला आत सोडत नाहीत आणि पाचच्या आत सगळ्यांनी बाहेर यायचे असते. म्हणजे पुण्याहून तीन दिवस प्रवास करून या, नाहीतर परदेशातून या, दरी पाहायची ती दिवसाच्या सहलीतच. ही सहल नीट कशी करायची, याचा बराचसा भाग घड्याळाच्या हिशेबाचा आहे आणि उरलेला बरोबरच्या वाटाड्याचा.

आधी तिथवर पोहोचण्याचे. हृषीकेशहून बद्रीनाथच्या रस्त्याने देवप्रयाग, रुद्रप्रयाग, कर्णप्रयाग, चमोली, जोशीमठ करत गोविंदघाट गाठायला पूर्ण दिवस जातो. पावसाळ्यात दरड कोसळली की दोन दिवसही जातात. गोविंदघाटला लक्ष्मणगंगा अलकनंदेला मिळते. तिथून पुलना गावापर्यंत चार किलोमीटर जीपने जाता येते. पुढे घांघरियापर्यंत दहाएक किलोमीटरची चढण आहे, ती पायी, खेचरावर किंवा कंडीत बसून. कंडी म्हणजे हमालाच्या पाठीवरची वेताची टोपली. म्हातारी माणसे आणि मुले तिच्यात बसून जाताना दिसतात. २०१३च्या जूनमधल्या महापुराने या खोऱ्यातली जुनी वाट बऱ्याच ठिकाणी धुऊन नेली. त्यामुळे जुन्या प्रवासवर्णनांतला रस्ता आणि आजचा रस्ता जुळत नाही.

घांघरिया साधारण ३,०५० मीटरवर आहे. हे गाव यात्रेच्या हंगामापुरते जागे असते, हिवाळ्यात बर्फाखाली रिकामे पडते. एकच अरुंद गल्ली, दोन्ही बाजूंना लॉज आणि ढाबे, मधून खेचरांची रांग. मुख्य गर्दी वरच्या हेमकुंड साहिब गुरुद्वाराला निघालेल्या शीख यात्रेकरूंची, आणि जुलै-ऑगस्टमध्ये त्यांच्या जोडीला मराठी ट्रेकर्स आणि टूरवाल्यांचे गट. ढाब्यावर शेजारच्या टेबलावरून ‘अगं, पोंचो घेतलास का?’ ऐकू आले तर दचकायचे कारण नाही. स्थानिक भ्यूंडार खोऱ्यातल्या लोकांच्या पर्यावरण विकास समितीचे माहितीकेंद्र इथे आहे. आदल्या संध्याकाळी तिथे चक्कर टाकावी. फुलांची चित्रे डोळ्यांखालून गेलेली असली की दुसऱ्या दिवशी ओळखायला सोपे जाते. वाटाड्याही तेव्हाच ठरवावा, पैसे आधी बोलून घ्यावेत.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगतो. टूर कंपनीचा लीडर आणि स्थानिक वाटाड्या या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. लीडर माणसे मोजतो, खोल्या वाटतो, औषधे देतो, आणि चांगला लीडर हे सगळे चांगले करतो. पण चाळीस जणांच्या गटात पुढच्याने पाहिलेले फूल मागच्याला कळत नाही आणि सगळ्यांचा वेग सगळ्यात हळू चालणाऱ्यावर ठरतो. सहा-आठ जणांनी मिळून गावातला माणूस वेगळा घ्यावा. त्याचे वडील-आजोबा याच उतारांवर मेंढ्या चारत असत. लॅटिन नावे तो पुढे शिकलेला असतो, झाड मात्र लहानपणापासून ओळखत असतो. त्याला ‘भैजी’ म्हणा, गढवालात थोरल्या भावाला तसेच म्हणतात.

आता दिवसाचा हिशेब. सातला चौकीवर हजर. हेमकुंडच्या वाटेने थोडे चढले की डावीकडे दरीची वाट फुटते आणि लगेच चौकी लागते. ओळखपत्र दाखवून शुल्क भरायचे; परवाना ऑनलाइन काढण्याचीही सोय आता झाली आहे. नावाची नोंद होते. खेचरे इथून पुढे जात नाहीत. ज्यांना चालवत नाही त्यांच्यासाठी कंडी हा एकच मार्ग. पुढे वाट जंगलातून पुष्पावती नदीकडे उतरते आणि पूल ओलांडला की खरी चढण सुरू होते. भूर्जाच्या आणि ऱ्होडोडेंड्रॉनच्या झाडीतून दगडी नागमोडी वाट तीन-चारशे मीटर उंची घेते. भूर्जाची साल कागदासारखी पापुद्र्या-पापुद्र्यांनी सुटते. हेच ते भूर्जपत्र. ओढून पाहायचा मोह होतो, वाटाड्या हात धरतो आणि बरोबर करतो.

चौकीपासून दरीच्या तोंडाशी यायला दमाने चालणाऱ्याला दोन-अडीच तास लागतात. हवा विरळ असल्याने धाप लागते, तेव्हा बोलत बोलत चालता येईल एवढाच वेग ठेवावा. साडेनऊच्या सुमारास झाडी संपते आणि समोर एकदम हिरवे पठार उघडते. आठेक किलोमीटर लांब, दोनेक किलोमीटर रुंद, मधून पुष्पावती आणि टोकाला तिचा उगम असलेली टिपरा हिमनदी.

गंमत अशी की बहुतेक लोक इथेच बसतात, फोटो काढतात, पराठे सोडतात आणि बाराला परत फिरतात. वर ‘कासला याहून जास्त फुलं असतात’ असा शेराही मारतात. त्या एका जागेपुरता तो खोटा नाही. कासचे पठार म्हणजे सपाट कातळ, एकाच जातीची फुले एका दिवशी मैलभर फुलतात आणि गाडीतून उतरल्यावर पाच मिनिटांत दिसतात. इथला मामला निराळा आहे. ऑक्टोबरच्या अखेरीपासून मेपर्यंत दरी बर्फाखाली असते. उगवणे, फुलणे, बी धरणे हे सगळे उरलेल्या चार-पाच महिन्यांत उरकायचे, म्हणून पाचशेहून जास्त जातींच्या सपुष्प वनस्पती इथे पाळीपाळीने वर येतात. जूनमध्ये ओढ्यांवर अजून बर्फाचे पूल असतात आणि त्यांच्या कडेला प्रिम्युला फुलते. जुलैत वैविध्य सगळ्यात जास्त. ऑगस्टमध्ये गुलाबी रंग वरचढ होतो. सप्टेंबरात जांभळे ॲस्टर राहतात आणि गवत तांबूस व्हायला लागते. शिवाय उंची बदलली, ओलावा बदलला, की शंभर पावलांवर झाडे बदलतात. त्यामुळे जो आत चालत जातो त्यालाच दरी दिसते.

तो गुलाबी रंग मुख्यतः हिमालयी तेरड्याचा. आपल्या अंगणातल्या आणि गौरीच्या तेरड्याचाच हा नातलग, फक्त माणसाच्या खांद्याला लागेल एवढा उंच. वाटाड्या एखादी पिकलेली शेंग बोटाने हलकेच दाबायला सांगतो. शेंगेच्या पाच फाका क्षणात वळतात आणि बिया फटकन उडतात. ही ताकद आधीच ताणून ठेवलेल्या पेशींची असते, स्पर्श हे नुसते निमित्त.

सावलीच्या जागी तो पाने बाजूला करून कोब्रा लिली दाखवेल. सह्याद्रीत भटकणाऱ्याला हा सापकांद्याचा भाऊबंद लगेच ओळखू येईल: फणा काढल्यासारखे पट्टेदार आवरण आणि देठावर ठिपके. फूल म्हणून आपण जे पाहतो ते आवरणच, खरी बारीक फुले आतल्या दांड्यावर असतात. झाड लहान आणि कंदात साठा कमी असला की ते नर असते; काही वर्षांत कंद पोसला की मादी होते, आणि वाईट वर्ष गेले तर पुन्हा नर. वासाने आत शिरलेल्या माशीला नर झाडाच्या आवरणातून तळाच्या फटीने बाहेर पडता येते, अंगाला परागकण चिकटलेले असतात. मादीच्या आवरणाला ती फट नसते. माशी परागकण पोहोचवते आणि तिथेच मरते. हे बघायला गुडघे टेकावे लागतात, आणि घाईत असलेला गट गुडघे टेकत नाही.

निळी अफू म्हणजे ब्लू पॉपी ही या दरीची नायिका. ती गवताळ उतारावर शोधू नका. खडकांच्या सांदीत, काटेरी देठावर, रेशमी पाकळ्यांची चार-सहा फुले असतात. मोठा पाऊस झाला की पाकळ्या झडतात, म्हणून काल ज्याला दिसली त्याला आज दिसेलच असे नाही.

ब्रह्मकमळाबद्दल मात्र मराठी माणसाने मन घट्ट करून यावे. आपल्या गॅलरीतल्या कुंडीत रात्री उमलते ते निवडुंगाच्या कुळातले, अमेरिका खंडातून आलेले झाड आहे. उत्तराखंडचे राज्यफूल असलेले ब्रह्मकमळ सूर्यफुलाच्या कुळातले. फिकट पिवळसर, कागदी, होडीसारखी पाने जांभळ्या फुलांच्या गुच्छाला झाकून असतात. ते पाहायचे तर हेमकुंडच्या चढणीवरच, तिथल्या तलावाच्या जवळपास. दरीत चालण्याच्या वाटेवर ते सहसा भेटत नाही.

पुढे डावीकडे एक छोटी वाट जोन मार्गारेट लेग यांच्या समाधीकडे जाते. ही इंग्रज वनस्पतिअभ्यासक १९३९ साली फुले गोळा करताना उतारावरून घसरून मृत्यू पावली. समाधीचा दगड पुढे तिच्या बहिणीने बसवला. ती इथे आली त्यामागे फ्रँक स्माइथ होता. १९३१मध्ये ७,७५६ मीटरच्या कामेट शिखरावर पहिली चढाई करून परतताना त्याची तुकडी भ्यूंडार खिंडीतून या खोऱ्यात उतरली. १९३७मध्ये तो पुन्हा आला आणि १९३८मध्ये त्याने दरीवर पुस्तक लिहिले. दरी त्याने ‘शोधली’ असे माहितीपत्रके सांगतात, पण मेंढपाळांना ती पिढ्यानपिढ्या ठाऊक होती. इथे आंछरी म्हणजे पऱ्या राहतात, भडक कपड्यांच्या आणि आरडाओरडा करणाऱ्या माणसाला उचलून नेतात, असे गढवालातले जुने लोक सांगतात. ब्लूटूथ स्पीकर घेऊन येणाऱ्यांच्या बाबतीत आंछरींनी हे काम पुन्हा हाती घ्यायला हरकत नाही.

मेंढ्यांचा विषय निघाला की वाटाड्या हमखास बोलायला लागतो. १९८२मध्ये राष्ट्रीय उद्यान झाले आणि चराई थांबली. त्यानंतर अमेला नावाची, माणसाएवढी वाढणारी पॉलीगोनम प्रजातीतली वनस्पती पसरत गेली आणि तिच्या दाट सावलीत लहान फुलझाडे गुदमरू लागली. चराईने ती आटोक्यात राहत होती असे गावकरी आणि काही अभ्यासक म्हणतात. उलट, पूर्वीच्या अतिचराईने आणि दरडींनी उघड्या पडलेल्या जमिनीवरच ती फोफावली, असे दुसऱ्यांचे म्हणणे. वन खाते दर हंगामात मजूर लावून ती उपटते. पांढऱ्या तुऱ्यांचा मोठा पट्टा दिसला आणि ‘वा, काय फुललंय’ असे तोंडातून आले, तर थांबून वाटाड्याला विचारा. गावकऱ्यांची चराईची वाट बंद करून त्यांच्याच मुलांना पर्यटकांमागे उभे केले, हा सौदा माझ्या मते निम्माच न्याय्य आहे. वाटाड्याची मजुरी घासाघीस करून पाडू नये, याला हेही एक कारण.

समाधीच्या पुढे नदीच्या पात्राकडे उतरता येते. गोट्यांमध्ये गुलाबी एपिलोबियमचे झुबके असतात आणि इथे माणसे फारच थोडी. परतीचा हिशेब इथून लावायचा: पात्रापासून चौकीपर्यंत तीन तास धरले, तर दोनला पाठ फिरवलीच पाहिजे. दुपारी पाऊस वाढतो, ओढे फुगतात, दगडी उतार निसरडा होतो. सकाळी घोट्यापर्यंत असलेला ओढा दुपारी गुडघ्यापर्यंत आलेला असतो आणि तो कुठे ओलांडायचा हे वाटाड्यालाच कळते. तो ‘चलो’ म्हणाला की वाद घालू नये.

सामान थोडेच, पण नेमके हवे. छत्री नको, पोंचो हवा. जीन्स भिजली की दिवसभर वाळत नाही. बूट पकड असलेले आणि आधी वापरलेले. जेवण घांघरियातून बांधून घ्यायचे, आत काही मिळत नाही. वेष्टणे आणि बाटल्या परत आणायच्या. स्वच्छतागृहही नाही, तेव्हा गावातूनच सगळे उरकून निघावे. डोके जड झाले, मळमळू लागले तर चढणे थांबवून खाली यावे. याच कारणासाठी हेमकुंड दुसऱ्या दिवशी ठेवावे: ते ४,३०० मीटरच्या वर आहे आणि आदल्या दिवशीच्या दरीच्या चालण्याने शरीर थोडे सरावते. उलट क्रम लावणारे टूरवाले आहेत, त्यांना कारण विचारा.

उद्यान १ जून ते ३१ ऑक्टोबर उघडे असते. मला विचाराल तर २० जुलै ते १५ ऑगस्ट हा काळ धरावा. या दिवसांत भिजणे ठरलेले आहे, पण निळी अफू आणि तेरडा दोन्ही मिळण्याचा संभव याच काळात जास्त. गणपतीच्या सुट्टीत आलात तर आकाश मोकळे आणि ॲस्टर मिळतील, गालिचे मिळणार नाहीत. आणि घांघरियात एक दिवस जास्तीचा ठेवा. वाटेत दरडीने अडवले तर तो तिथे खर्ची पडेल. नाही अडवले तर त्याच वाटाड्याला घेऊन पुन्हा सातला चौकीवर हजर व्हा.